न दिसण्याचा वेष

वस्त्र हे दुसऱ्याला दिसावे म्हणूनच अंगावर घालावयाचे असते, अशी आम्हा गोमंतकीयांची पूर्वापार समजूत आहे. जत्रेला जावयाचे म्हणजे ठेवणीतले धोतर बाहेर निघते, बायकांची रेशमी लुगडी पेटीतून निघतात, केसांत अबोलीचे वळेसर चढते. पेडण्याच्या दसऱ्याला तर देवांची तरंगेही लुगडी नेसून मिरवतात, आणि त्या लुगड्यांच्या रंगीबेरंगी निऱ्या दूरवरून पाहताच माणसांचे हात आपोआप जोडले जातात. पाहणाऱ्याने पाहावे, ओळखावे आणि आदराने वाट द्यावी, हा आमच्याकडील पोशाखाचा धर्म. अशा घरात वाढलेल्या माणसाला न दिसण्यासाठीही कोणी कपडे शिवते, ही गोष्ट पुष्कळ वर्षे केवळ ऐकून ठाऊक होती. ती अंगाशी कशी आली आणि तिने आम्हाला काय शिकवले, ते येथे सांगावयाचे आहे.

आमचे कुळागर डिचोली महालात, डोंगराच्या कुशीत आहे. एका वर्षी मार्गशीर्षात आमचा पुतण्या सुटीवर आला. त्याला पशुपक्ष्यांची छायाचित्रे घेण्याचा नाद. येताना त्याने म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून हिरव्या-तपकिरी ठिपक्यांचा एक कोट आणि तशीच टोपी विकत आणली होती. कोट घालून तो अंगणात उभा राहिला तेव्हा घरातील बायका हसल्या. आम्हीही हसलो. हसण्यासारखेच होते ते. सारवलेल्या अंगणात तुळशीवृंदावनापाशी तो इतका उठून दिसत होता की लपण्याऐवजी त्याने जाहिरातच मांडली आहे, असे वाटावे. तो म्हणाला, "काका, हा कोट इथे पाहू नका. रानात पाहा."

रानात तो कोणाला पाहताच आला नाही, हीच पुढची हकीगत.

कुळागराच्या वरच्या अंगाला एक झरा आहे. संध्याकाळी तेथे भेकर पाण्यावर येते. पुतण्या घरी काही न सांगता उन्हे कलताना तेथे गेला आणि करवंदीच्या जाळीत दडून बसला. त्याच सुमारास शेजारच्या बागायतीचे मालक आपली केळी राखावयास निघाले होते. त्या हंगामात रानडुकरांनी त्यांचे फार नुकसान केले होते. पिकाच्या राखणीसाठी परवाना असलेली जुनी बंदूक त्यांच्यापाशी होती आणि ती वाजवून जनावरे पळवून लावावी एवढाच त्यांचा हेतू असे. पुतण्याला बसून बसून पायाला मुंग्या आल्या, म्हणून त्याने बसल्या जागी कूस बदलली. जाळी हलली. चाळीस पावलांवर शेजारी उभे होते. त्यांना करवंदीची जाळी दिसली, तिच्यात काही तरी गडद आणि जाड हललेले दिसले, आणि मनात तर सकाळपासून डुक्करच होते. त्यांनी बंदूक खांद्याला लावली.

तेवढ्यात खाली देवळात सांजेच्या आरतीची घंटा वाजली. पुतण्याने लहानपणापासूनच्या सवयीने टोपी काढली आणि हात जोडले. जाळीत एक कपाळ दिसले, दोन हात दिसले. शेजाऱ्यांची बंदूक खाली आली ती हातातून गळूनच पडली. ते धावत गेले, मुलाला मिठी मारली आणि रडू लागले. "पुता, तूं म्हाका दिसूंकूच ना रे! हात दिसले म्हूण देवान राखलें," एवढेच ते पुनःपुन्हा म्हणत राहिले. त्या रात्री ते जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी नारळ घेऊन ते देवळात उभे होते आणि गाऱ्हाणे घालणाऱ्याला शब्द सुचवताना त्यांचा आवाज कापत होता. दोष कोणाचा, हा प्रश्न गावात कोणी काढला नाही. आमच्या मनात मात्र तो राहिला. कोटाने आपले काम चोख केले होते. ज्याच्यापासून लपावयाचे होते त्याच्यापासूनही लपवले, आणि ज्याने पाहणे अगत्याचे होते त्याच्यापासूनही.

आम्ही निवृत्त गृहस्थ. हाताशी वेळ आहे. या लपण्याच्या विद्येचा शोध घ्यावा, असे त्या दिवसापासून मनाने घेतले.

पहिली गोष्ट अशी आढळली की माणसाच्या पोशाखात ही विद्या फार उशिरा आली, आणि तिच्यातील खाकी रंग आला तो आपल्याच भूमीत. लढाईत पूर्वी सैनिक लालभडक डगले घालीत. 1846 साली पेशावर येथे उभारलेल्या 'गाइड्स' नावाच्या पलटणीला तिच्या लम्सडेन नामक अधिकाऱ्याने धुळीच्या रंगाचा वेष दिला. 'खाक' म्हणजे धूळ. खाकी म्हणजे धुळीसारखा. 1857 च्या धामधुमीत अनेक गोऱ्या पलटणींनी आपले पांढरे कपडे चहा, माती, शाई मिळेल त्यात बुडवून मळकट करून घेतले. आपल्या कोकणपट्टीचाही या रंगाशी संबंध सांगतात. मंगळूरच्या बासेल मिशनच्या विणकामशाळेत हालर नावाच्या जर्मन रंगाऱ्याने एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास पक्का खाकी रंग सिद्ध केला, अशी प्रसिद्धी आहे. डिचोलीच्या माणसाला खाकी म्हणजे काय हे वेगळे सांगावयास नको. खाणी जोरात चालू होत्या त्या काळात रस्त्याकडेची आंब्या-फणसाची झाडे, घरांची कौले आणि शाळेला जाणारी मुले एकाच तांबड्या रंगाची झालेली आम्ही पाहिली आहेत. धूळ सर्वांना एकरूप करते, हे तेथे उघड दिसत असे.

परंतु एकरंगी धुळीच्या कपड्यालाही मर्यादा आहे. तो माणसाचा रंग लपवतो, आकार लपवत नाही. हे ओळखले ते चित्रकारांनी. थेअर नावाच्या अमेरिकन चित्रकाराने प्राण्यांच्या रंगांचा अभ्यास करून दाखवून दिले की अनेक प्राण्यांची पाठ गडद आणि पोट फिकट असते. याचे कारण उजेड वरून पडतो. वरून उजळणारी पाठ गडद आणि सावलीत जाणारे पोट फिकट असले की शरीराची गोलाई मोडते आणि प्राणी सपाट भासतो. हा विषय विस्ताराने मांडणारा ग्रंथ 1909 साली निघाला. पुढे पहिल्या महायुद्धात, 1915 साली, फ्रेंच सैन्याने गिराँ द सेव्होला या चित्रकाराच्या हाताखाली तोफा आणि ठाणी रंगवून लपवणाऱ्या कलावंतांचे एक पथकच उभारले. वस्तूचे तुकडे पाडून दाखवणारी त्या वेळची नवी चित्रशैली त्यांनी युद्धाच्या कामी लावली.

थेअरचे सूत्र आम्हाला पुस्तकात वाचून नीटसे कळले नाही. बाजारातून आणलेल्या बांगड्याने ते कळवले. बांगड्याची पाठ निळसर-हिरवी, तिच्यावर गडद रेघा, आणि पोट रुप्यासारखे. वरून पाहणाऱ्या पक्ष्याला ती पाठ खोल पाण्यात मिसळते, खालून येणाऱ्या मोठ्या माशाला ते पोट उजळ आभाळात मिसळते. ज्या मासळीला आम्ही आयुष्यभर तव्यावरच ओळखले, तिच्या अंगावर एवढे शास्त्र लिहिलेले होते.

मग कुळागरातच गुरू सापडू लागले. माडा-पोफळीच्या खोडावर उडता सरडा बसलेला असतो. पोफळीच्या खोडावर दगडफुलाचे जसे राखाडी-हिरवट डाग असतात, तसेच त्याच्या अंगावर. पण रंगापेक्षा त्याचा दुसरा गुण आम्हाला मोठा वाटला. तो खोडाला इतका चपटा चिकटतो की त्याची सावलीच पडत नाही. पाचोळ्यात बसणारा रातवा पक्षी डोळेसुद्धा मिटून बारीक फट तेवढी ठेवतो, कारण डोळ्याची चकाकी हा मोठा चहाडखोर असतो. पावसाळ्यानंतर डोंगरवाटेवर एक फुलपाखरू भेटते. पंख उघडले की निळे-केशरी, मिटले की वाळके पान. त्याला देठ आणि मधली शीरही असते. या सर्वांकडून आम्ही चार गोष्टी शिकलो. रंग आसपासच्या जमिनीशी जुळावा. शरीराची कड तुटलेली दिसावी. सावली आणि चकाकी नसावी. आणि चौथी, जी पहिल्या तिन्हींहून मोठी, म्हणजे हालू नये. हलणाऱ्याला कोणताही वेष वाचवीत नाही. आमच्या पुतण्याला कोटाने लपवले होते. प्राणावर बेतले ते कूस बदलल्यामुळे.

एवढे शिकल्यावर स्वतः एक कोट करून पाहावा असे वाटले. घरात जुन्या जाड सुती चादरी होत्या. त्यांची खळ जावी म्हणून त्या उकळून घेतल्या, मग हिरड्याच्या पाण्यात भिजवून सुकवल्या. कोवळ्या सुपाऱ्या उकळल्यावर जे तांबूस पाणी उरते ते एरव्ही फेकून दिले जाते. त्यात कापड बुडवले तेव्हा भाजलेल्या मातीसारखा तपकिरी रंग चढला. हिरड्याच्या कापडाला हिराकस लागला की ते काळसर-राखाडी होते, ही रंगाऱ्यांची जुनी विद्या. नारळाच्या सोडणाचा कुंचा करून आम्ही हिराकसाच्या पाण्याचे डाग त्या तपकिरी कापडावर ओढले.

पहिला कोट फसला. आम्ही बारीक बारीक ठिपके काढले होते. हातात धरून पाहता ते पाचोळ्यासारखे सुरेख दिसत. कोट बांबूवर टांगून रानाच्या कडेला उभा केला आणि पन्नास पावलांवरून पाहिले तेव्हा सर्व ठिपके एकमेकांत मिसळून एक करडा माणूस उभा होता. दुसऱ्या कोटावर वीतभर, हातभर लांबीचे मोठे पट्टे काढले. ते शिवणीपाशी न थांबवता बाहीवरून छातीवर आणि खांद्यावरून पाठीवर नेले, कारण बाही वेगळी आणि धड वेगळे दिसले की डोळा माणूस जुळवून घेतो. काही गडद पट्टे मुद्दाम खांद्याच्या कडेला आणले. हा कोट दूरवरून तुटला, पण जवळून रंगवलेल्या चादरीसारखा दिसू लागला. तिसऱ्या खेपेस मोठ्या पट्ट्यांच्या कडा बारीक ठिपक्यांनी फोडल्या. लांबच्या डोळ्यासाठी मोठा आकार, जवळच्या डोळ्यासाठी लहान, अशी ती तडजोड होती. वीस, पन्नास आणि शंभर पावलांवरून आम्ही तो पाहिला. डोळे अर्धवट मिटून पाहिला, आणि पुतण्याने रंग काढून टाकून नुसत्या काळ्या-पांढऱ्या छायाचित्रात पाहिला. रंग जुळला तरी उजळपणा जुळला नाही तर कापड उठून दिसते, हे त्या छायाचित्राने एका क्षणात सांगितले.

एक भ्रम मात्र लवकर सुटला. सर्व ठिकाणी चालेल असा वेष नसतो. कुळागरातील दमट काळोखात जो कोट नाहीसा होई, तो माघातल्या उघड्या सड्यावर, पिवळ्या वाळल्या गवतात, काळ्या खडकासारखा दिसे. श्रावणात तोच सडा हिरवागार असतो. आमचे आजोळ पेडण्यात, समुद्राच्या बाजूला. तेथे मोरजी-मांद्र्याच्या वाळूत तो कोट नेला तेव्हा कावळ्यांनीही ओरडून आमची दखल घेतली. त्या वाळूत खरे पारंगत म्हणजे वाळूच्याच रंगाचे खेकडे आणि उघड्यावर अंडी घालणाऱ्या चिखल्या. त्यांची अंडी पायाखाली येईपर्यंत दिसत नाहीत. भूमी बदलली की वेष बदलावा लागतो.

कोटाइतकेच लक्ष सामानाकडे द्यावे लागते. दुर्बिणीच्या पट्ट्यावरील पांढरी अक्षरे, तिपाईचे चकाकते पाय, पाण्याची स्टीलची बाटली, मनगटावरचे घड्याळ आणि चष्म्याची काच, यांपैकी एक जरी चमकली तरी सगळी मेहनत वाया. आम्ही बाटलीला गोणपाट गुंडाळले आणि तिपाईला सुतळी. कृत्रिम धाग्याचे कापड पानाला घासले की खसखसते. सुती कापड मुके असते. डोके आणि दोन खांदे ही आकृती प्रत्येक जनावर ओळखते, म्हणून डोक्यावरून खांद्यावर सैल पंचा सोडावा. आणखी एक गोष्ट गृहिणींनी ध्यानात घ्यावी. कपडे शुभ्र दिसावेत म्हणून हल्लीच्या धुण्याच्या पावडरीत जी द्रव्ये घालतात, ती आपल्या डोळ्यांना न दिसणारे जंबूपार किरण घेऊन निळसर उजेड परत टाकतात. हरणांच्या जातीला निळा रंग चांगला दिसतो. म्हणजे उत्तम रंगवलेला कोट त्या पावडरीत धुतला की जनावराच्या दृष्टीने तो उजळून निघतो. आम्ही तो कोट रिठ्याने धुतो.

येथे एक इशाराही देणे भाग आहे. बाजारात सैन्याच्या नक्षीचे कपडे सर्रास मिळतात. सैनिक नसताना, आपण सैनिक आहोत असे लोकांना वाटावे या हेतूने त्यांचा वेष घालणे हा गुन्हा आहे. भारतीय न्याय संहितेच्या 168 व्या कलमात त्यास तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड सांगितला आहे. आपल्या सैन्याने 15 जानेवारी 2022 रोजी नव्या चौकोनी ठिपक्यांच्या नक्षीचा लढाऊ पोशाख जनतेपुढे आणला आणि पुढे त्या नक्षीची स्वामित्वनोंदणीही करून घेतली. हेतू निर्मळ असला तरी सैनिकाच्या वेषाची बरोबरी पक्षी पाहणाऱ्याने करू नये. तो वेष ज्याने प्राण पणाला लावून मिळवला, त्याच्याच अंगावर तो शोभतो.

कोट तयार झाला. तरीही ज्या प्रश्नातून तो निघाला, तो तसाच होता. हा आमचा कोट बाजारच्या कोटाहून सरस लपवीत होता. म्हणजे शेजाऱ्यांच्या बंदुकीपुढे तो अधिकच घातक ठरला असता. भेकराला दिसू नये आणि माणसाला दिसावे, असे एकच वस्त्र असू शकेल काय?

उत्तर वाघाने दिले. आमच्याकडे सत्तरीपासून सांग्यापर्यंतच्या रानपट्ट्यात दगडावर कोरलेला वाघ पुजला जातो. त्याला वाघ्रो म्हणतात. पुजणाऱ्याला वाघ केशरी दिसतो, आणि असा भडक रंग घेऊन हा प्राणी हिरव्या रानात शिकार तरी कशी करतो, याचे आम्हाला लहानपणापासून कोडे होते. उकल अशी आहे की माणसाच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या तीन प्रकारच्या पेशी असतात. हरीण, गवा, डुक्कर यांच्या डोळ्यात दोनच. त्यांना केशरी आणि हिरवा यांतील भेद कळत नाही. 2019 साली इंग्लंडमधील ब्रिस्टल विद्यापीठाच्या संशोधकांनी हे गणकयंत्राच्या साहाय्याने दाखवून दिले: दोन रंगांच्या दृष्टीने पाहणाऱ्याला वाघ शोधणे फार अवघड जाते. सस्तन प्राण्याच्या केसांना हिरवा रंग येत नाही. केशरी येतो, आणि हरणापुढे तोच हिरव्याचे काम करतो. वर काळे पट्टे आहेतच, ते कड मोडतात. अनेक परदेशांत शिकाऱ्यांना भडक नारिंगी जाकीट घालण्याची सक्ती असते, तिचे मर्म हेच.

माणसाला मात्र वाघ दिसतो. जानेवारी 2020 मध्ये म्हादई अभयारण्यात चार वाघ मेलेले आढळले; त्यांनी गुरे मारली होती आणि त्यांच्यावर विषप्रयोग झाला होता. ज्याला देव मानून दिवा लावतो त्याचा असा शेवट आपल्या भूमीत व्हावा, ही लाजेची गोष्ट आम्ही येथे लिहून ठेवतो. लपण्याची कोणतीही कला माणसाच्या विषापुढे चालत नाही.

आम्ही कोटाच्या पाठीवर, छातीवर आणि टोपीभोवती केशरी कापडाचे वेडेवाकडे पट्टे शिवले, वाघाच्या अंगावर असतात तसे तुटक. रंग मुद्दाम भडक घेतला. संध्याकाळी पुतण्याला झऱ्यापाशी बसवून आम्ही शेजाऱ्यांना बोलावून आणले आणि चाळीस पावलांवर उभे केले. त्यांनी क्षणभरही न थांबता बोट दाखवले. "तो पळय, थंय!" मग ते बराच वेळ काही बोलले नाहीत. त्यानंतर आठ दिवसांनी पुतण्याला पाण्यावर आलेल्या भेकराचे छायाचित्र मिळाले. ते भेकर थेट त्याच्याकडे पाहत होते आणि पाणी पीत होते.

पक्ष्यांपुढे मात्र ही युक्ती लुळी पडते. त्यांना चार प्रकारच्या रंगपेशी असतात. आपल्याहून ते अधिकच पाहतात. मयेच्या तळ्यावर वा चोडणच्या पक्षी अभयारण्यात जाणाऱ्याने पानांच्या आडोशामागे बसावे आणि देवापुढे बसावे तसे स्थिर बसावे. स्थैर्यापुढे रंग दुय्यम आहे.

हे सर्व करीत असताना एक विचार आमचा पाठलाग करीत होता. लपणे म्हणजे भित्रेपणा, असे आपण सहज म्हणून जातो. पण आपल्या देवांचा इतिहास आठवावा. दिवाडीच्या सप्तकोटेश्वराचे, कदंबांच्या त्या कुलदैवताचे, देऊळ चौदाव्या शतकात बहामनी स्वारीत उद्ध्वस्त झाले तेव्हा भक्तांनी लिंग शेतात मातीखाली दडवले, असे परंपरा सांगते. पुढे देऊळ पुन्हा उभे राहिले, पोर्तुगीजांनी ते पुन्हा पाडले, आणि देव नदी ओलांडून डिचोलीच्या नार्वे गावी आला. तेथे झाडीच्या कुशीत तो राहिला आणि 1668 साली शिवाजी महाराजांनी त्याचे देऊळ बांधविले. मातीचा रंग पांघरून देव वाचला, म्हणून पूजा वाचली. गोव्यातील कितीतरी देवस्थानांची कथा याहून वेगळी नाही. जे जपावयाचे आहे ते काही काळ झाकून ठेवणे, यात उणेपणा काय?

आणि त्याच भूमीत पेडण्याची पत्रादेवी आहे. 15 ऑगस्ट 1955 रोजी निःशस्त्र सत्याग्रही तेथून सीमेच्या आत आले. रानात लपत यावे, तर झाडी पुष्कळ होती. ते उघड्यावरून आले, तिरंगा उंच धरून आले, समोरच्या बंदुकांना दिसावे म्हणूनच आले. पंजाबचे कर्नैल सिंग तेथे गोळी लागून हुतात्मा झाले. त्यांना लपता येत नव्हते असे नाही. त्यांचे काम दिसण्याचेच होते.

लपावे कधी आणि दिसावे कधी, याचा निर्णय कापड करीत नाही. ज्याच्या मनात आपल्याविषयी भय वा मोह आहे त्याच्यापासून झाकून राहावे. ज्याच्या हाती आपले रक्षण आहे त्याला मात्र दिसत राहावे. पुतण्याच्या पहिल्या चुकीचे मूळ कोटात नव्हते. तो घरात न सांगता गेला, शेजाऱ्यांना न सांगता त्यांच्या वाटेवर बसला. आता तो झऱ्याकडे जाण्याआधी शेजाऱ्यांच्या अंगणातून हाक मारून जातो, आणि तेही बंदूक घेऊन निघण्यापूर्वी आमच्या दारात थांबतात. त्या एका हाकेपुढे आमच्या तिन्ही कोटांची विद्या थोडीच म्हणावी लागेल.

आमच्या गावचा राखणदार देवचार रात्री खांद्यावर कांबळ टाकून, हाती दंडा घेऊन सीमेवरून फिरतो, असे आम्ही लहानपणी ऐकत आलो. तो कोणाला दिसत नाही. त्याला मात्र सर्व दिसतात. ती योग्यता त्याची. आपण माणसांनी रानात जाताना कोट कोणत्याही रंगाचा घालावा, परंतु एखादा केशरी पट्टा आपल्या माणसांसाठी शिवून ठेवावा, आणि देवळाची घंटा वाजली की टोपी काढण्याची सवय सोडू नये.